स्वीडन देशाचा संसार

शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी स्वीडनमधील खेड्यापाड्यांत माणसांचा लिलाव होत असे. गुलामांचा नव्हे, गावातल्याच पोरक्या मुलांचा आणि निराधार म्हाताऱ्यांचा. यांना पोसण्याची जबाबदारी गावावर असे, आणि गाव ती कमीत कमी खर्चात उरकू पाही. म्हणून लोक जमत आणि याला सांभाळायला तुम्ही किती घ्याल, अशी विचारणा होई. आपल्या ओळखीच्या लिलावात बोली चढत जाते. इथे ती उतरत जाई. जो सर्वांत कमी मागेल त्याच्या घरी ते पोर जाई. एवढ्याशा पैशांत त्याच्या ताटात काय पडत असेल, आणि त्याच्याकडून काम किती करून घेतले जात असेल, हे बायकांना वेगळे सांगायला नको. १९१८ साली कायद्याने ही चाल बंद झाली. त्यानंतर तीसच वर्षांनी, म्हणजे १९४८ साली, त्याच देशात सोळा वर्षांखालील प्रत्येक मुलामागे वर्षाला २६० क्रोनर सरकारातून आईच्या हाती मिळू लागले. मूल गरिबाचे की श्रीमंताचे, ही चौकशीच नाही.

भगिनींनो, या तीस वर्षांत तिथे असे काय घडले, हे समजून घ्यावे म्हणून मी वाचू लागले. अर्थशास्त्र म्हणजे बँका, सोने आणि कारखाने यांचे शास्त्र, अशी आपली समजूत असते. स्वीडनमधल्या काही अर्थशास्त्र्यांनी मात्र मुले, चूल आणि घरभाडे हे विषय त्यात आणले. म्हणून त्यांची हकीगत आपल्या मंडळाच्या स्मरणिकेत अस्थानी वाटणार नाही.

आज श्रीमंत म्हणून ओळखला जाणारा हा देश तेव्हा फार गरीब होता. १८६७ व ६८ साली पिके बुडाली आणि उपासमार झाली. पुढे कित्येक वर्षे माणसे बोटीत बसून अमेरिकेस जात राहिली. उण्यापुऱ्या ऐंशी वर्षांत दहा लाखांहून अधिक लोक देश सोडून गेले, आणि १९०० साली देशाची वस्ती होती अवघी एक्कावन्न लाखांच्या घरात! मागे राहिलेल्यांत दारूचे व्यसन फार.

या दारूवरूनच आपली हकीगत सुरू होते. १८८० साली उप्साला या विद्यापीठाच्या गावी क्नूट विक्सेल नावाच्या अठ्ठावीस वर्षांच्या तरुणाने दारूबंदीवाल्यांच्या सभेत व्याख्यान दिले. लोकांना वाटले, दारूची निंदा ऐकायला मिळेल. विक्सेल म्हणाले की, माणूस पितो तो दारिद्र्याने आणि कोंदट घराने गांजून. आणि दारिद्र्याचे एक मोठे कारण म्हणजे झेपणार नाहीत इतकी मुले. तेव्हा वेळेवर लग्न करा आणि मुले मोजकीच होऊ द्या. त्या काळी ही गोष्ट चारचौघांत बोलणेसुद्धा पाप होते. मोठा गहजब झाला, विद्यापीठाने समज दिली. पण हा गृहस्थ जन्मभर तेच बोलत राहिला. आना बुगे या नॉर्वेतील विदुषीशी त्यांनी १८८९ साली संसार मांडला तोही चर्चमधले लग्न न लावता, आपसांत करार करून. पन्नाशीच्या आसपास त्यांना लुंडच्या विद्यापीठात प्राध्यापकाची जागा मिळाली. पुढे १९०८ सालच्या एका व्याख्यानात धर्माची थट्टा केली म्हणून त्यांना दोन महिने तुरुंगवास झाला. या आनाबाईही काही कमी नव्हत्या. स्त्रियांच्या मताधिकारासाठी त्या झगडल्या आणि पुढे राष्ट्रसंघाच्या एका कायम समितीवर त्यांची नेमणूक झाली.

विक्सेल यांचे मोठे काम महागाईवरचे. १८९८ साली त्यांनी व्याज आणि भाव यांवर ग्रंथ लिहिला. मला तो असा समजला: बँक शेकडा चार दराने कर्ज देत आहे, आणि त्या पैशाने शिलाईची यंत्रे घेऊन धंदा केला तर शेकडा सात सुटतात असे समजा. मग जो तो कर्ज काढील. जो तो यंत्रे, कापड आणि कारागीर शोधू लागेल. आणि भाव चढत राहतील. उलट बँकेने सात मागितले आणि धंद्यात चारच सुटू लागले, तर कुणी पुढे येणार नाही, माल पडून राहील, भाव उतरतील आणि माणसे घरी बसतील. तेव्हा भाव स्थिर ठेवायचे तर व्याजाच्या दराकडे लक्ष ठेवा. १९३१ साली स्वीडनने सोन्याचे चलन सोडले तेव्हा तिथल्या मध्यवर्ती बँकेने भाव स्थिर राखणे हेच आपले ध्येय म्हणून जाहीर केले. जगात असे करणारी ती पहिलीच. विक्सेल तोवर हयात नव्हते. १९२६ सालीच ते वारले होते.

त्या सुमारास साऱ्या जगावर मंदीची अवकळा आली होती. स्वीडनमध्ये बेकारांना सरकारी काम मिळे, पण बाजारच्या मजुरीहून कमी मोलाने. आधी पोट भुकेले, वर अपमान. १९३२ साली मजूर वर्गाचा पक्ष सत्तेवर आला. त्याचे पुढारी पेर अल्बिन हान्सन यांनी १९२८ मध्येच म्हटले होते की, देश हा लोकांचे घर व्हावा, आणि चांगल्या घरात कुणी लाडके नसते नि कुणी सावत्र नसते. अर्थमंत्री झाले एर्न्स्ट विगफोर्स. काम करणे आपल्याला परवडेल काय, असा उपरोधिक प्रश्न विचारणारी पुस्तिका त्यांनी निवडणुकीत काढली होती. हात रिकामे आहेत, घरे-रस्ते हवे आहेत, आणि तरी पैसा नाही म्हणून बसून राहायचे, हे कसले शहाणपण? गुन्नार मिर्डाल, बर्टिल ओहलिन आदी तरुण अर्थशास्त्र्यांनी याला शास्त्राचा आधार दिला. वाईट वर्षी सरकारने कर्ज काढून कामे काढावी, चांगल्या वर्षी ते फेडावे. १९३३ च्या अंदाजपत्रकाला मिर्डाल यांनी या विचाराची पुरवणी जोडली, आणि शेतकऱ्यांच्या पक्षाशी देवघेव करून ते मंजूर झाले. कामावरच्यांना बाजारभावाने मजुरी मिळू लागली.

अंथरूण पाहून पाय पसरावे, या शिकवणीत वाढलेल्या आपल्यासारख्यांना हे उफराटे वाटेल. पण मृगाच्या तोंडावर पाटल्या गहाण टाकून बियाणे आणणारी शेतकऱ्याची बायको अंथरुणाकडेच बघत बसली असती, तर पीक कुठून आले असते? एक मात्र सांगितले पाहिजे. मंदी हटली ती सर्वस्वी या कामांनी, असे इतिहासकार मानत नाहीत. चलन स्वस्त झाल्याने परदेशांत माल खपू लागला, त्याचाही वाटा मोठा होता.

आता मूळ गोष्टीकडे येते. १९३४ साली गुन्नार मिर्डाल आणि त्यांच्या पत्नी आल्वा यांनी मिळून लोकसंख्येच्या प्रश्नावर पुस्तक लिहिले. विक्सेल यांच्या काळी मुले फार होती. आता जन्म इतके कमी झाले होते की देशाचे कसे होणार, अशी चिंता पडली. जुन्या वळणाचे लोक बायकांना दोष देत. मिर्डाल पतिपत्नींनी हिशेबच मांडला. मूल वाढवायचा खर्च सगळा आईबापांवर. ते मोठे होऊन कमावते झाले की लाभ साऱ्या देशाला. ज्याला मूल नाही त्याच्याही म्हातारपणी दुसऱ्यांचीच मुले शेत पिकवणार, गाडी हाकणार. मग खर्चात सगळ्यांनी हातभार का लावू नये? माझ्या मते या साऱ्या हकीगतीतला हाच गाभा आहे. बाईच्या रात्री-अपरात्रीच्या कष्टांना देशाच्या जमाखर्चात एक ओळ मिळाली.

आल्वाबाई नुसत्या लिहिणाऱ्या नव्हत्या. मंदीत नोकऱ्या कमी, म्हणून लग्न झालेल्या बायकांना घरी पाठवा, अशी मागणी तिकडच्या लोकसभेतही होत होती. त्यावर नेमलेल्या समितीच्या अध्यक्षा केर्स्टिन हेसेलग्रेन आणि चिटणीस आल्वाबाई. परिणाम असा की, लग्न झाले किंवा दिवस गेले म्हणून बाईला नोकरीतून काढता येणार नाही, असा कायदा १९३९ साली झाला. १९३५ मध्ये स्टॉकहोमला आल्वाबाईंच्या विचाराने एक इमारत उभी राहिली. तळमजल्यावर सगळ्यांचे एकच स्वयंपाकघर, तिथून ताटे पाळण्याने वर घरोघर जायची, आणि खाली मुलांचे पाळणाघर. पाळणाघर मला पटते. दुसऱ्याच्या हातची आमटी रोज गोड लागेल की नाही, याबद्दल मला शंका आहे! तिकडेही अशी घरे थोडीच झाली. त्यापेक्षा १९४४ साली निघालेली गृहसंशोधन संस्था मला अधिक मोलाची वाटते. भांडी कशी असावीत, ओटा किती उंच असावा, घरकामात बाईचे किती श्रम होतात, यांची शास्त्रीय मोजमापे तिने घेतली.

मदत वस्तूंनी द्यावी की पैशांनी, यावरही वाद झाला. आल्वाबाईंचा कल वस्तूंकडे: शाळेत जेवण, मुलांना कपडे. समाजमंत्री गुस्ताव मोलर यांचे म्हणणे, पैसे आईच्या हाती द्या, तिला कळते. मोलर स्वतः गरिबीतून आलेले. गरिबी सिद्ध करा मग देतो, या पद्धतीचा त्यांना तिटकारा होता. १९४८ च्या भत्त्यात त्यांचेच म्हणणे टिकले. त्याआधी मुलांसाठी वडिलांना प्राप्तीच्या करात सूट मिळे. म्हणजे ज्याची मिळकत मोठी त्याला लाभ, आणि ज्याला करच नाही त्याला काहीच नाही. ती सूट काढून भत्ता आला. शाळेतले जेवणही आल्वाबाईंच्या मनासारखे पुढे सुरू झालेच. १९५५ नंतर त्या दिल्लीस स्वीडनच्या वकील होत्या, १९६१ पर्यंत. गुन्नार यांनी आपल्या भागातील दारिद्र्यावर तीन खंडांचा ग्रंथ लिहिला तो १९६८ साली निघाला. दोघांना नोबेल पारितोषिके मिळाली, त्यांना १९७४ मध्ये, बाईंना शांततेसाठी १९८२ मध्ये.

इतके सगळे चांगले लिहिल्यावर दुसरी बाजूही लिहिली पाहिजे, नाही तर ते खोटे ठरेल. मुलांचा खर्च देशाने उचलायचा, तर कुणाला मुले व्हावीत हेही देशाने ठरवावे, असा विचार त्याच लोकांच्या मनात होता. १९३४ साली संततिप्रतिबंधक शस्त्रक्रियेचा कायदा झाला, १९४१ साली तो वाढवला. मंदबुद्धी, रीतीभातीला सोडून वागणारी, थकलेली, असे शिक्के मारून शस्त्रक्रिया झाल्या. १९७५ पर्यंत त्यांची संख्या सुमारे त्रेसष्ट हजारांवर गेली, आणि त्यांत नव्वद टक्क्यांहून अधिक बायका. सगळ्याच जबरीच्या नव्हत्या. पण सही केलीस तरच संस्थेतून सोडू, सही केलीस तरच गर्भपात करू, अशा सहीला संमती कसे म्हणावे? मिर्डाल पतिपत्नींच्या पुस्तकात अशा शस्त्रक्रियांना पाठिंबाच होता. सावत्र कुणी नसलेल्या घरात या बायका सावत्रच राहिल्या. १९९७ साली वर्तमानपत्रांतून हे प्रकरण गाजले आणि १९९९ पासून हयात असलेल्यांना १,७५,००० क्रोनर भरपाई मिळाली. पुष्कळजणी तोवर गेल्या होत्या.

पुढचा इतिहास थोडक्यात सांगते. १९७१ पासून नवराबायकोच्या मिळकतीवर निरनिराळा कर लागू लागला, त्यामुळे बाईची मिळकत नवऱ्याच्या मिळकतीवर चढवून तिला जबर कर बसायचा तो थांबला. १९७४ मध्ये बाळंतपणाच्या रजेऐवजी आईबाप दोघांना वाटून घेता येणारी रजा आली. करांचा बोजाही भारी झाला. मुलांच्या गोष्टी लिहिणाऱ्या आस्ट्रिड लिंडग्रेन यांना १९७६ साली मिळकतीवर शेकडा १०२ कर लागू होतो असे आढळले. त्यांनी त्यावर एक गोष्टच रचून वर्तमानपत्रात दिली, आणि त्याच साली चव्वेचाळीस वर्षे राज्य करणारा पक्ष निवडणूक हरला. १९९२ च्या चलनसंकटात मध्यवर्ती बँकेने व्याजाचा एक दर काही दिवस शेकडा ५०० वर नेला होता! विक्सेल असते तर काय म्हणाले असते कोण जाणे. त्यानंतर पुष्कळ सवलतींना कात्री लागली.

मुलांचा भत्ता मात्र चालू आहे. १ मार्च २०१४ पासून जन्मलेल्या मुलांबाबत, ताबा दोघांकडे असेल, तर तो आई आणि वडील यांना निम्मा निम्मा मिळतो. आता वडीलही मुलांचे करतात, म्हणून हे न्यायाचे आहे असे म्हणतात. असेल. पण १९४८ साली पहिल्यांदा स्वतःच्या नावाने पैसे हातात घेणाऱ्या त्या आयांना याबद्दल विचारता आले असते, तर मला त्यांचे ऐकायला आवडले असते.