पोथी नव्हे, गळा : आगरी विवाहातील धवलारीण

लग्न लावणारी व्यक्ती म्हटली की पंचांग उघडून बसलेले भटजी डोळ्यांसमोर येतात. पनवेल-उरण-अलिबाग पट्ट्यातील आगरी समाजात मात्र हा मान परंपरेने एका स्त्रीचा. ती धवलारीण, आणि ती गाते ते धवले. 🧵

मांडवापासून हळदीपर्यंत प्रत्येक विधीला तिचा धवला ठरलेला. देव आणि पितर यांना लग्नाचे आवतण द्यायचे तेही गाऊनच. म्हणजे हे गाणे विधीच्या साथीला नाही. मंत्राच्या जागी आहे, आणि तेही बोलीत, वधूवरांना कळेल अशा शब्दांत.

हा शब्द जुना आहे. ‘संगीतरत्नाकरा’त ‘धवल’ हा प्रबंधप्रकार येतो. तेराव्या शतकात महानुभाव पंथातील महदंबेने रुक्मिणीस्वयंवरावर ‘धवळे’ रचले. आद्य मराठी कवयित्री म्हणून आपण तिला ओळखतो. वारली लग्नातही विधी चालवणारी स्त्रीच, धवलेरी. केवळ नामसाम्यावरून या साऱ्यांची एकच वंशावळ मांडणे घाईचे ठरेल. पण लग्नगीताला हे नाव किमान सातशे वर्षे आहे, एवढे निश्चित.

ब्राह्मण पुरोहिताविना विवाह म्हटले की आपण २५ डिसेंबर १८७३ चा पहिला सत्यशोधक विवाह आठवतो, आणि तो आठवावाच. जोतीरावांनी ते बंड म्हणून, विचारपूर्वक केले. धवलारणीचा अधिकार बंडातून आला नव्हता. तो रूढीचाच भाग होता. म्हणूनच बहुधा इतिहासलेखकांचे तिच्याकडे फारसे लक्ष गेले नाही.

दूरच्या फिनलंडकडे पाहा. कारेलियातील लग्नांत वधूला माहेर सोडताना रडवणारी, विलापगीते गाणारी जाणती स्त्री असे. एलियास ल्योनरोट या डॉक्टरने गावोगाव हिंडून लोकगीते टिपली. १८४९ च्या विस्तारित ‘कालेवाला’त लग्नगीतांना, नववधूला केलेल्या उपदेशासह, कित्येक सर्ग मिळाले. तेथे ती गीते राष्ट्रीय महाकाव्यात गेली.

इकडे १९७० मध्ये सिडको आली, नव्या मुंबईसाठी भातशेती आणि मिठागरे संपादित झाली. हळदीची रात्र आता डीजेची. धवला पाठांतरावर जगतो, आणि शिकणाऱ्या मुली कमी होत आहेत.

तुमच्या घरात किंवा गावात धवलारीण असेल, तर तिच्या परवानगीने तिचा आवाज ध्वनिमुद्रित करा. कोणता धवला कोणत्या विधीचा, आणि तो ती कोणाकडून शिकली, हेही तिलाच विचारून लिहून ठेवा.