बॅरोच्या गोदीतली पावणेनऊ वर्षं

31 जानेवारी 2001. इंग्लंडच्या वायव्य किनाऱ्यावरच्या बॅरो-इन-फर्नेस गावात तुम्ही उभे आहात. आयरिश समुद्रावरचा वारा मानेला झोंबतोय. समोर डेव्हनशायर डॉक हॉल : 51 मीटर उंच, 260 मीटर लांब. ब्रिटिश नौदलाची पहिली पाणबुडी ‘हॉलंड 1’ याच गावच्या गोदीतून 1901 मध्ये पाण्यात उतरली. तुम्ही मुंबईचे असाल तर आणखी एक ओळख निघते. आपली विमानवाहू नौका ‘विराट’ इथलीच. 1953 मध्ये ‘हर्मीस’ म्हणून तिचं जलावतरण इथे झालं.

आज ‘अ‍ॅस्ट्यूट’चा कणा ठेवला जातोय. लांबी 97 मीटर, पाण्याखालचं वजन सुमारे 7,400 टन. शत्रूच्या पाणबुड्यांचा आणि जहाजांचा माग काढणारी ही अणुपाणबुडी.

दोन वर्षं पुढे या. 2003. हॉलमध्ये पोलादाच्या अजस्र कड्या उभ्या आहेत. एका वेल्डरच्या मागे थांबा. तो लगेच ठिणगी पाडत नाही. आधी पोलाद तापवून घेतो, कारण थंड पोलादावर घातलेला सांधा पुढे तडकू शकतो. मग थरावर थर. काम झालं की सांध्याची क्ष-किरण तपासणी. आत बारीकसा पोकळ ठिपका दिसला, तरी तेवढा भाग घासून काढायचा आणि पुन्हा भरायचा. खोल पाण्यात चहूबाजूंनी दाब येतो, तेव्हा त्या ठिपक्यावर शंभराच्या आसपास माणसांचे जीव टांगलेले असतात.

पण काम रखडलंय. गोदी तीच, गाव तेच, मग अडलं कुठे? आधीच्या ‘व्हॅनगार्ड’ वर्गातली शेवटची पाणबुडी 1998 मध्ये पाण्यात उतरली, आणि त्याच्या कितीतरी आधीपासून नवं काम आटलं होतं. तेरा हजारांच्या घरातले कामगार तीन हजारांवर आले. कुणी निवृत्त झाला, कुणी दुसरा धंदा धरला. त्यांच्या हातांना जे ठाऊक होतं, ते कुठल्याही आराखड्यात उतरवलेलं नव्हतं. त्यात संगणकावरच्या त्रिमितीय आराखड्यांची पद्धत नवी. शेवटी अमेरिकेतल्या ‘इलेक्ट्रिक बोट’ कंपनीची अनुभवी माणसं मदतीला बोलवावी लागली.

8 जून 2007. हॉलची दारं उघडतात आणि ती बाहेर सरकते. अंगावर 39 हजारांहून जास्त रबरी फरशा चिकटवल्या आहेत. बाहेरून आलेल्या सोनारच्या ध्वनिलहरी त्या शोषतात आणि आतला आवाज बाहेर फुटू देत नाहीत. हात लावून बघा : बोटांना पोलाद लागतच नाही. कॅमिला, तेव्हाच्या डचेस ऑफ कॉर्नवॉल, तिला नाव देतात. फोडलेल्या बाटलीत शॅम्पेन नाही, खलाशांनी स्वतः बनवलेली बिअर आहे. आता ही पाणबुडी तिच्या खलाशांची झाली.

आत उतरा. नेहमीचा पेरिस्कोप शोधू नका. त्याची नळी इथे पाणबुडीच्या कवचाला भोक पाडून खाली येतच नाही. डोलकाठीवरचे कॅमेरे पाण्याबाहेर डोकावतात आणि चित्र पडद्यावर येतं. मागच्या भागात रोल्स-रॉइसची अणुभट्टी. प्रेशर कुकरसारखं तिथलं पाणी दाबाखाली असतं, म्हणून प्रचंड तापूनही उकळत नाही. त्याची उष्णता दुसऱ्या, वेगळ्या पाण्याला मिळते. या दुसऱ्या पाण्याची वाफ टर्बाइन फिरवते. पंचवीस वर्षं इंधन बदलायचं नाही. प्राणवायू आणि पिण्याचं पाणी समुद्रातूनच मिळवायचं. परत फिरावं लागतं ते शिधा संपतो म्हणून.

नोव्हेंबर 2009. भरतीच्या पाण्यावर ती बॅरो सोडते. हिशेब कठोर आहे : वेळापत्रकापेक्षा 57 महिने उशीर, आणि या वर्गातल्या पहिल्या तीन पाणबुड्यांवर मिळून ठरल्यापेक्षा 1.35 अब्ज पाउंड जास्त खर्च.

27 ऑगस्ट 2010. स्कॉटलंडमधला फॅसलेन तळ. ‘अ‍ॅस्ट्यूट’ रीतसर नौदलात दाखल होते. त्याच दिवशी बॅरोत याच वर्गातल्या पुढच्या पाणबुड्या ‘अ‍ॅम्बुश’, ‘आर्टफुल’ आणि ‘ऑडेशस’ यांचं काम चालू आहे. शहाणपण महाग पडलं, पण आलं.

हात पांगण्याची हीच गोष्ट आपल्याकडेही घडली. आता मुंबईतल्या, 1994 च्या माझगावला चला. ‘शाल्की’च्या पाठोपाठ ‘शंकुल’ नौदलात दाखल झालीय. जर्मनीत शिकून आलेल्या आपल्या माणसांनी या दोन पाणबुड्या मुंबईत बांधून दाखवल्या. पुढचं काम आलंच नाही. हे हात पांगले, आणि माझगावच्या गोदीतली पुढची पाणबुडी, ‘कलवरी’, नौदलात यायला डिसेंबर 2017 उजाडावं लागलं. मधली तेवीस वर्षं म्हणजे एका कारागिराच्या कामाच्या आयुष्याचा मोठा भाग.

ऑक्टोबर 2024 मध्ये केंद्र सरकारने दोन स्वदेशी हल्लेखोर अणुपाणबुड्यांना मंजुरी दिली आहे. त्या उभ्या राहतील, आणि राहायलाच हव्यात. पण दुसरीचं काम संपण्याआधी तिसरीची मागणी गोदीच्या हातात पडली पाहिजे. पोलाद विकत मिळतं, कर्जही मिळतं. तयार हात मात्र कामावर राहिले तरच टिकतात.