'दिला' या क्रियापदाचा इतिहास

भूसंपादनाचे निकाल वाचताना जमिनीच्या दरापेक्षा एका साध्या क्रियापदाने मला अधिक गुंतवून ठेवले आहे. सरकारने मोबदला 'दिला' असे केव्हा म्हणायचे? शेतकऱ्याच्या हाती पैसे पडल्यावर, न्यायालयात जमा झाल्यावर, की सरकारने ते आपल्याच कोषागारात ठेवल्यावर? या प्रश्नाच्या उत्तरावर अनेकांच्या जमिनीचे भवितव्य ठरले आहे.

१८९४ च्या भूसंपादन कायद्यात याचे उत्तर बरेच स्पष्ट होते. निवाडा जाहीर झाल्यावर जिल्हाधिकाऱ्याने रक्कम देऊ करायची. खातेदाराने ती नाकारली किंवा वाटणीचा वाद निघाला, तर कलम ३१ प्रमाणे ती न्यायालयात भरायची. रक्कम घेताना हरकत नोंदवली, तरच वाढीव मोबदला मागता येई. मुकाट्याने घेणाऱ्याचा तो मार्ग बंद होई. म्हणजे नकाराचीही सोय कायद्याने आधीच करून ठेवली होती. जमीन द्यायची की नाही, हा प्रश्न मात्र त्या चौकटीत कुठेच नव्हता.

मुळशीच्या मावळ्यांनी नेमका तोच प्रश्न विचारला. टाटांच्या वीजयोजनेसाठी याच कायद्याचा आधार घेऊन जमिनी घेतल्या जात होत्या. १९२१ मध्ये सत्याग्रह सुरू झाला. सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांच्या नेतृत्वाखाली 'जान किंवा जमीन' ही घोषणा घुमली. पैसे नको म्हणणे हेच तिथे शस्त्र होते. पण खोऱ्यातल्या कितीतरी जमिनी पुण्याच्या सावकारांकडे गहाण होत्या. सावकाराला मोबदल्यात स्वारस्य होते, तर कसणाऱ्याला जमिनीत. पैसे 'कोणाला दिले', या प्रश्नाने लढ्याची एकी आतून पोखरली. धरण झाले आणि गावे पाण्याखाली गेली.

स्वातंत्र्यानंतर हा वाद संविधानात शिरला. अनुच्छेद ३१ मध्ये 'मोबदला' हा शब्द होता. न्यायालयाने त्याचा अर्थ 'जमिनीच्या मोलाइतकी भरपाई' असा लावला, तेव्हा १९५५ च्या चौथ्या दुरुस्तीने मोबदला पुरेसा आहे की नाही हे तपासण्याचा न्यायालयांचा अधिकार काढून घेतला. १९७१ च्या पंचविसाव्या दुरुस्तीने तर 'मोबदला' जाऊन नुसती 'रक्कम' उरली. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने मालमत्तेचा मूलभूत हक्कच गेला आणि अनुच्छेद ३००-अ चा घटनात्मक हक्क तेवढा राहिला. जमीनदारी मोडण्यासाठी या दुरुस्त्यांची गरज होती, हे मला मान्य आहे. पण जमीनदाराविरुद्ध घडवलेले हत्यार दोन-चार एकरांच्या धन्यावरही चालले.

१ जानेवारी २०१४ पासून नवा कायदा लागू झाला. त्याच्या कलम २४(२) ने एक दार किलकिले केले: निवाड्याला पाच वर्षे होऊनही ताबा घेतला नसेल 'किंवा' मोबदला दिला नसेल, तर जुने संपादन रद्द समजावे. त्याच महिन्यात पुणे महानगरपालिकेचा खटला सर्वोच्च न्यायालयासमोर आला. वनउद्यानासाठी घेतलेल्या जमिनीचा निवाडा २००८ चा होता आणि २७ कोटी रुपये कोषागारात पडून होते. न्यायमूर्ती लोढा, लोकूर आणि कुरियन जोसेफ यांच्या पीठाने सांगितले की कोषागारात ठेवणे म्हणजे देणे नव्हे. संपादन रद्द ठरले आणि देशभर अशा याचिकांची रीघ लागली.

२०१८ मध्ये दुसऱ्या त्रिसदस्य पीठाने बहुमताने वेगळे मत दिले. अखेर ६ मार्च २०२० रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने पुण्याचा निकाल मोडीत काढला. 'किंवा'चा अर्थ आता 'आणि' असा झाला: ताबाही नाही आणि मोबदलाही नाही, तरच संपादन रद्द. ताब्याला पंचनामा पुरेसा. रक्कम देऊ केली की सरकारचे कर्तव्य पार पडले. ती न्यायालयात भरली नाही, तर व्याज वाढेल, संपादन रद्द होणार नाही.

या निकालामागे कारण होते. रस्ते आणि वसाहती उभ्या राहिल्यावर जुनी प्रकरणे उकरून काढण्याचा धंदा सुरू होण्याची भीती न्यायालयाला होती, आणि ती निराधार नव्हती. पण दोन महिने आधी, जानेवारी २०२० मध्ये, याच न्यायालयाने हिमाचल प्रदेशातील ऐंशी वर्षांच्या एका निरक्षर विधवेला न्याय दिला होता. १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी तिची जमीन घेताना निवाडा नव्हता, नोटीसही नव्हती. उशीर झाला, ही सरकारची सबब न्यायालयाने फेटाळली आणि मोबदला द्यायला लावला.

हे दोन निकाल शेजारी ठेवले की चित्र स्पष्ट होते. जमीन कोणत्याच वाटेने परत येत नाही. प्रश्न उरतो तो पैशांचा. जुन्या कायद्यात थकलेल्या मोबदल्यावर पहिल्या वर्षी ९ आणि पुढे १५ टक्के व्याजाची तरतूद आहे. कागदावर हा दर चांगला दिसतो. पण ते व्याज मागायला खातेदाराने वकील करायचा, निवाड्याची नक्कल मिळवायची आणि वारसांची नोंद सातबाऱ्यावर लावून घ्यायची. देणे सरकारचे, पण ते थकल्याचे सिद्ध करण्याचे ओझे ज्याची जमीन गेली त्याच्या डोक्यावर. मुळशीत पैसे नाकारण्यासाठी तुरुंगात जावे लागले होते. आज ते मिळवण्यासाठी कोर्टाच्या पायऱ्या झिजवाव्या लागतात.