अनुबोधपटाचे संकलन

अनुबोधपटाचे संकलन : वास्तव घटनांच्या चित्रणातून आवश्यक भाग निवडून, त्याची आशयानुसार जुळणी करून व त्यास ध्वनीची जोड देऊन अनुबोधपटास अंतिम रूप देण्याची प्रक्रिया. कथापटाच्या संकलकापुढे लिखित पटकथा असते. अनुबोधपटाची पटकथा मात्र पुष्कळदा संकलनाच्या मेजावरच आकारास येते.

महाराष्ट्रातील आरंभीच्या वास्तवपटांत संकलनास फारसा वाव नव्हता. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईतील एका कुस्तीचे व १९०१ मध्ये रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचे चित्रण केले. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाल्यावर संकलन हा अनुबोधपटाच्या क्षेत्रातील नियमित व्यवसाय बनला. या संस्थेचे लघुपट अनेक भाषांत निघत. म्हणून निवेदन हाच त्यांचा कणा असे व चित्रांची मांडणी बहुधा त्याच्या ओघाने केली जाई. (२०२२ मध्ये ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आली.)

फितीच्या काळात संकलक कामचलाऊ प्रत पाहून तुकडे कापी व चिकटपट्टीने जोडी. ध्वनी वेगळ्या चुंबकीय फितीवर असे. पाटीच्या आवाजावरून तो चित्राशी जुळविला जाई. जुळणी निश्चित झाल्यावरच तीबरहुकूम मूळ निगेटिव्ह कापली जाई.

निवेदनप्रधान पद्धतीहून वेगळी वाट चोखाळणाऱ्यांत आनंद पटवर्धन (१८ फेब्रुवारी १९५० – ) हे प्रमुख होत. दिग्दर्शनाबरोबरच आपल्या अनेक अनुबोधपटांचे संकलनही त्यांनी स्वतः केले आहे. बॉम्बे : अवर सिटी (१९८५) या चित्रपटात झोपड्या पाडणारी यंत्रणा, सुखवस्तू नागरिकांची मते आणि बेघर झालेल्यांचे बोल शेजारी शेजारी ठेवून, त्यांतील विसंगती प्रेक्षकांसच जाणवावी, अशी रचना केलेली आहे. गरिबांचे चित्रण करून काय साधणार, असा जाब एक स्त्री चित्रपटकारालाच विचारते. तो भाग सहज वगळता आला असता. तो राखण्यात संकलकाचा प्रामाणिकपणा दिसून येतो.

याच चित्रपटात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात झालेल्या गोळीबारानंतर चार दिवसांनी आत्महत्या केली. या गोळीबारात दहा जण मृत्युमुखी पडले होते. त्यानंतर सुमारे चौदा वर्षे केलेल्या चित्रणातून जयभीम कॉम्रेड (२०११) हा तीन तासांहून अधिक लांबीचा अनुबोधपट सिद्ध झाला. घोगरे यांच्या पूर्वीच्या चित्रणाला त्यात स्मृतीचे व साक्षीचे मोल प्राप्त झाले.

व्हिडिओ व अंकीय तंत्रामुळे चित्रणाचा खर्च घटला आणि निवडीचा भार वाढला. माणसाचे वाक्य कोठे तोडावे, यावर त्याचा अर्थ अवलंबून असतो. बोलणारा सहसा संकलनाच्या वेळी उपस्थित नसतो. म्हणून त्याच्या म्हणण्याचा विपर्यास न होऊ देणे, ही संकलकाची पहिली जबाबदारी ठरते.