रोपाधाराचे मातीत विलीन होणे : सोचिमिल्को येथील चापीन पद्धतीचा ऐतिहासिक विचार

प्रस्तावना :
विघटनशील रोपकुंडी हा प्लॅस्टिक पिशवीला शोधलेला आधुनिक पर्याय होय, असे सामान्यतः मानले जाते. रोप आधारासह लावावे व तो आधार जमिनीतच मिसळावा, हे तत्त्व मात्र पुष्कळ जुने आहे. मेक्सिकोच्या खोऱ्यातील चिनांपा शेती त्याची साक्ष देते.

चापीन पद्धती :
उथळ सरोवरात गाळ व पाणवनस्पती यांचे थर रचून केलेली अरुंद शेते म्हणजे चिनांपा. सोचिमिल्को व चाल्को या सरोवरांत ॲझटेक काळात त्यांचा मोठा विस्तार झाला. रोपवाटिकेसाठी शेताच्या कडेला पाणवनस्पतींवर कालव्याच्या तळाचा गाळ पसरला जाई. तो आळल्यावर त्याचे लहान चौकोन कापत. प्रत्येकात खळगी करून बी टाकत आणि थंडीपासून रक्षणासाठी आच्छादन घालत. हा चौकोन म्हणजेच चापीन. पुढे तो मुळांसह उचलून शेतात लावला जाई. त्यामुळे मुळांना इजा होत नसे, सशक्त रोपे निवडता येत आणि तोवर शेतात आधीचे पीक उभे राही.

१५२१ मध्ये तेनोच्तित्लान स्पॅनिशांच्या हाती पडले. १६०७ पासून खोऱ्यातील पाणी बाहेर काढण्याची कामे सुरू झाली. २०व्या शतकाच्या आरंभी सोचिमिल्कोचे झरे राजधानीकडे वळवले गेले. पाणी हटले तसे चिनांपांचे क्षेत्रही आक्रसले. १९८७ मध्ये सोचिमिल्कोला जागतिक वारसा स्थळाचा दर्जा मिळाला. तेथील काही शेतकरी आजही चापीन करतात.

आधुनिक पर्याय :
२०व्या शतकाच्या मध्यास युरोपात पीट, म्हणजे दलदलीत साचलेला अर्धकुजका वनस्पतिजन्य थर, व लाकडाचा लगदा यांच्या कुंड्या प्रचारात आल्या. कुंडी शेतात कुजते. पीटचा थर मात्र वर्षाला सुमारे १ मिलिमीटर इतकाच वाढतो. महाराष्ट्र शासनाच्या २३ मार्च २०१८ च्या प्लॅस्टिकबंदी अधिसूचनेने रोपवाटिकांसाठीच्या कंपोस्टयोग्य प्लॅस्टिक पिशव्यांना सवलत दिली. तथापि अशा अनेक प्लॅस्टिकांचे विघटन कंपोस्ट प्रकल्पातील उष्णतेत होते, शेतातील मातीत ते फार मंदावते.

निष्कर्ष :
चापीनचा गाळ जेथून येई, तेथेच परत जाई. म्हणून रोपकुंडीचे मूल्यमापन करताना ती कुजते काय, एवढेच विचारणे अपुरे आहे. ती कोठून आली आणि कोणत्या मातीत, किती काळात कुजेल, हे प्रश्नही तितकेच महत्त्वाचे ठरतात.