धाराशिवच्या बायका आणि जिनिव्हाची समिती

'तज्ज्ञ समितीने शिफारस केली' असं बातमीत वाचतो आणि पुढे स्क्रोल करतो. पण समितीसमोर पुरावा येतो कुठून? आजच्या गोष्टीत तो येतो धाराशिवमधून, म्हणजे तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातून.

साल १९९९. बार्शीचं नर्गिस दत्त कॅन्सर हॉस्पिटल, मुंबईचं टाटा मेमोरियल आणि फ्रान्समधली आयएआरसी ही आंतरराष्ट्रीय कॅन्सर संशोधन संस्था यांना शोधायचं होतं, की गर्भाशयमुखाच्या कॅन्सरपासून कोणती तपासणी खरंच जीव वाचवते. गावांचे ५२ समूह, ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ बायका. चिठ्ठ्या टाकाव्यात तसे चार गट पाडले. एकात एचपीव्ही विषाणूची चाचणी, दुसऱ्यात पॅप स्मिअर, तिसऱ्यात व्हीआयए, म्हणजे पातळ ॲसेटिक ॲसिड लावून नुसत्या डोळ्यांनी बघायचं. चौथ्या गटात नेहमीचीच व्यवस्था. म्हणजे माहिती द्यायची, तपासणी नाही.

२००९ मध्ये निकाल छापून आला. चौथ्या गटात या कॅन्सरने ६४ मृत्यू, एचपीव्ही गटात ३४. गट जवळपास सारखेच मोठे, आणि चाचणी एकदाच केलेली! पॅपच्या गटात ५४, व्हीआयएच्या गटात ५६. हा फरक योगायोगानेही पडू शकला असता, एवढाच.

त्या ६४ जणींपाशी मी अडखळतो. टीकाकारांनी विचारलं, तपासणीने हा कॅन्सर टळतो हे माहीत असताना या बायकांना ती का दिली नाही? उत्तर आलं, तेव्हा भारतात अशी तपासणी सर्रास होतच नव्हती, मग तुलना त्याच परिस्थितीशी करायची. मला हा युक्तिवाद कळतो, पण पूर्ण पटत नाही.

आता ट्विस्ट. टाटा मेमोरियलचाच दुसरा अभ्यास मुंबईच्या झोपडपट्ट्यांमध्ये चालू होता, दीड लाख बायकांवर. दहावी शिकलेल्या, ट्रेनिंग दिलेल्या आरोग्यसेविका दर दोन वर्षांनी, अशा चार वेळा व्हीआयए करायच्या. तिथे मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. तपासणी तीच, पण पुन्हा पुन्हा केलेली.

मग शिफारस कशाची करायची? २०१६ च्या आपल्या सरकारी आराखड्यात व्हीआयए आली. स्वस्त, लॅब नको, निकाल जागच्या जागी. २०२१ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने सांगितलं, एचपीव्ही चाचणीच करा, तिशीपासून, दर ५ ते १० वर्षांनी; नमुना बाईने स्वतः घेतला तरी चालेल. जिनिव्हाचा प्रश्न होता 'उत्तम काय?', दिल्लीचा 'उपकेंद्रापर्यंत पोचेल काय?' माझं मत विचाराल तर दुसरा प्रश्न जास्त अवघड आहे.

२०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत ३० ते ४९ वयाच्या बायकांना विचारलं, ही तपासणी कधी झाली आहे का? 'हो' म्हणणाऱ्या होत्या १.९ टक्के.