हाइमडॉल (आज्ञावली)

हाइमडॉल ही सॅमसंग गॅलेक्सी मालिकेतील स्मार्टफोन व टॅबलेटवर संगणकाद्वारे फर्मवेअर बसवण्यासाठी वापरली जाणारी मुक्तस्रोत आज्ञावली आहे. बेंजामिन डोबेल यांनी ती २०१० मध्ये प्रसिद्ध केली. हेच काम करणारी सॅमसंगची ओडिन ही अंतर्गत आज्ञावली प्रामुख्याने विंडोजवर चालते. त्यामुळे लिनक्स वापरणाऱ्यांसाठी हाइमडॉल हा प्रमुख पर्याय ठरला. दोन्ही नावे नॉर्स पुराणकथांतील असून हाइमडॉल हा देवलोकाचा पहारेकरी होय. संगणकाने ‘ओडिन’ असा संदेश पाठवल्यावर फोन ‘लोके’ असे उत्तर देतो आणि मगच पुढील देवाणघेवाण सुरू होते. डेबियन व उबुंटूमध्ये ही आज्ञावली ‘हाइमडॉल-फ्लॅश’ या नावाने मिळते. जवळजवळ त्याच नावाची दुसरी आज्ञावली केर्बेरॉस या ओळख-पडताळणी प्रणालीची असून तिचा फोनशी काहीही संबंध नाही.

कार्यपद्धती

फोन प्रथम ‘डाउनलोड मोड’मध्ये सुरू करून यूएसबी केबलने संगणकाला जोडतात. ‘डिटेक्ट’ ही आज्ञा फोन ओळखला गेला की नाही हे सांगते. लिनक्सवर वेगळा ड्रायव्हर लागत नाही. मात्र यूएसबी उपकरण हाताळण्याची परवानगी नसल्यास आज्ञा अयशस्वी होते.

सॅमसंगचे फर्मवेअर टार संचिकांच्या स्वरूपात असते. या संचिकांच्या शेवटी एमडी५ बेरीज जोडलेली असते. हाइमडॉलला त्या उलगडून आतील प्रतिमा द्याव्या लागतात. नव्या फोनच्या प्रतिमा एलझेड४ पद्धतीने संकुचित असल्याने त्याही आधी मोकळ्या कराव्या लागतात. कोणती प्रतिमा कोणत्या विभाजनात जाते, हे फोनमधील ‘पिट’ या विभाजन-तक्त्यावरून कळते. हा तक्ता आधी वाचून घेणे अत्यावश्यक आहे, कारण विभाजनांची नावे प्रत्येक प्रारूपात सारखी नसतात.

रिकव्हरी बदलताना ‘नो-रीबूट’ हा पर्याय वापरतात. अन्यथा फोन मूळ प्रणालीत सुरू होऊन जुनी रिकव्हरी पुन्हा बसवू शकतो.

जोखीम

दुसऱ्या प्रारूपाचे फर्मवेअर बसवल्यास किंवा बूटलोडर लिहिला जात असताना केबल निघाल्यास फोन कायमचा निकामी होऊ शकतो. ‘ईएफएस’ विभाजनात आयएमईआय क्रमांकाशी निगडित माहिती असते. ती नष्ट झाल्यास फोन चालू राहूनही मोबाइल जाळ्याशी जोडला जात नाही. नॉक्स सुरक्षा असलेल्या फोनवर अनधिकृत प्रतिमा बसवून चालवल्यास आतील इलेक्ट्रॉनिक फ्यूज उडतो आणि ‘नॉक्स’ नोंद ० वरून १ होते. मूळ फर्मवेअर परत बसवले तरी ती पूर्ववत होत नाही व ‘सिक्युअर फोल्डर’सारख्या सुविधा बंद राहतात. सॅमसंगची स्वाक्षरी असलेले अधिकृत फर्मवेअर बसवल्याने मात्र ही नोंद बदलत नाही.